पाणी समितीच्या अध्यक्षांचं लॉन

जयवंत कोरगावकरने घरापुढचा लाल माठ उपटला तेव्हा त्याच्या आईने चार दिवस अबोला धरला. पाचव्या दिवशी ती बोलली ती माझ्याशी, मधल्या भिंतीवरून.

"अनंता, माजो झील खुळावलो रे. भाजी उपटल्यान आणि थंय आता हरळी लावता हा. सगळो जन्म मी शेतातली हरळी खणून काढूक घालवलंय, आणि ह्यो माळी ठेवन लावता!"

"हरळी नाही, आये. लॉन," आतून जयवंतचा आवाज आला.

"नाव बदलला म्हणून गवत बदलता काय?" रुक्मिणीकाकू म्हणाल्या आणि आत गेल्या.

आमची सोसायटी मुलुंड पूर्वेला, मिठागरांच्या अलीकडे. बारा बैठी घरं, समोरासमोर सहा-सहाच्या दोन ओळी, मध्ये एक बंद गल्ली, आणि प्रत्येक घरापुढे वीस बाय पंधरा फुटांची मोकळी जागा. एक नंबर जयवंतचं, दोन नंबर माझं. एक नंबरला लागूनच चार खांबांवर सोसायटीची पाण्याची टाकी उभी आहे. बाकीचे लोक त्या जागेत तुळस, अबोली, फार तर एखादा शेवगा लावून मोकळे झाले होते. काकूंनी मात्र माठ, मिरची, अळू असं सगळं केलं होतं आणि आमच्या घरीही त्यातली जुडी यायची.

जयवंत आणि मी एका वयाचे. त्याचे वडील दत्ताराम चौतीस वर्षं गिरणीत होते आणि जयवंत लालबागला दहा बाय बाराच्या खोलीत सात माणसांत वाढला. अभ्यास करून तो भांडुपच्या एका रंगाच्या कारखान्यात खरेदी खात्यात अधिकारी झाला. माणूस मेहनती आणि प्रेमळ, पण साहेब या प्राण्यापुढे तो विरघळायचा. शहाऐंशीच्या डिसेंबरात त्याच्या साहेबांनी, म्हणजे चंद्रप्रकाश साहेबांनी, वर्सोव्याच्या आपल्या बंगल्यावर अधिकाऱ्यांना चहाला बोलावलं. तिथून जयवंत परत आला तो वेगळाच होऊन.

"काय सांगू तुला, अन्या," तो म्हणाला. "हिरवंगार लॉन. त्यावर वेताच्या खुर्च्या. माणसं बूट घालून गवतावर उभी आणि कुणाला त्याचं काही वाटत नाही! साहेबांनी मला विचारलं, कोरगावकर, तुझ्याकडे लॉन आहे का? मी काय सांगणार? माठ आहे म्हणून?"

"सांगायचं. जुडी न्यायची सोबत."

"तू बँकेतच राहा," तो म्हणाला.

जानेवारीत तांबड्या मातीचा ट्रक आला. पवईच्या इन्स्टिट्यूटच्या बागेत काम करणारा धाकू माळी रविवारी सायकलवरून यायचा, त्याने हरळीची एकेक काडी बोटाने दाबून लावली. फेब्रुवारीअखेर तो तुकडा खरोखर हिरवागार झाला. खोटं कशाला सांगू, दिसायला झकास होता. अख्खी गल्ली संध्याकाळी फाटकाशी थांबून बघायची.

फक्त बघायची, कारण त्यावर पाय ठेवायला बंदी होती. जयवंतने कारखान्यातल्या पेंटरकडून 'कीप ऑफ द ग्रास' अशी इंग्रजी पाटी रंगवून आणली. घरी येणाऱ्याने भिंतीला पाठ लावून कुर्लीसारखं आडवं चालत दारापर्यंत पोचायचं. माझी बायको सुहासिनी चैत्रातल्या हळदीकुंकवाला गेली ती साडीला भिंतीचा चुना लावून परत आली आणि म्हणाली, "परत नाही जायची मी. त्यांना म्हणावं, हरभरे भिंतीवरून फेका." काकूंना इंग्रजी येत नव्हतं. त्या सरळ मधून चालत जायच्या आणि पापड वाळत घालायच्या.

मार्च संपला आणि ऊन तापायला लागलं. मुलुंडचं ऊन ज्याने सोसलंय त्यालाच माहीत. डोंगर वारा अडवतो आणि मिठागरं पांढरी होऊन डोळ्यांत खुपतात. गवताची टोकं पिवळी पडली. जयवंतचा चेहराही तसाच झाला. धाकूने वाकून पाहिलं, काडी ओढून पाहिली आणि शांतपणे सांगितलं,

"साहेब, घाबरू नका. उन्हाळ्यात हरळी झोपते. वरून पिवळी दिसते, मुळं खाली जिवंत असतात. आठवड्यातून एकदा पहाटे भरपूर पाणी द्या, मुळापर्यंत जाऊ दे. रोज वरवर शिंपडू नका. आणि कापू नका. उंच राहू दे, तिची तिला सावली होते. खत तर अजिबात नको."

"आणि पिवळं दिसेल ते?"

"दिसू दे. झोपलेल्या माणसाला आपण तोंड रंगवून बसवतो का?"

जयवंतला हे पटलं नाही. त्याने फोर्टच्या फुटपाथवरून बागकामाचं एक जाडजूड इंग्रजी पुस्तक आणलं होतं. ते पुस्तक इंग्लंडचं होतं. त्यात लिहिलं होतं, की उन्हाळ्यात लॉन आठवड्याला दोनदा कापावं, अर्धा इंच ठेवावं आणि रोज संध्याकाळी हलका फवारा मारावा. जयवंत ते मला भिंतीवरून मोठ्याने वाचून दाखवायचा.

"अरे, तिथे उन्हाळ्यात लोक स्वेटर घालतात," मी म्हणालो.

"गवत ते गवत. त्याला काय कळतंय मुलुंड की लंडन," तो म्हणाला. ऐकायला बरं वाटलं, म्हणून मीही पुढे बोललो नाही.

एप्रिलच्या मध्याला पाणीकपात आली. आमच्या टाकीत जेमतेम अर्धी टाकी पाणी चढायला लागलं. सोसायटीचे सेक्रेटरी श्यामकांत टिपणीस, कोर्टात हेडक्लार्क म्हणून आयुष्य काढलेले, त्यांनी तातडीची सभा बोलावली. पाणी समिती नेमायची ठरली. अध्यक्ष व्हायला कुणी तयार होईना, कारण टाकीचा व्हॉल्व्ह रोज सकाळी अर्धा तास आणि संध्याकाळी अर्धा तास उघडायचा, चावी सांभाळायची आणि सगळ्यांच्या शिव्या खायच्या. जयवंत उभा राहिला.

"मी करतो," तो म्हणाला. "टाकी माझ्या घरालाच लागून आहे. पण मग शिस्त पाळावी लागेल. पाण्याचा प्रत्येक थेंब सगळ्यांचा आहे, हे लक्षात ठेवा!"

टाळ्या पडल्या. मीही वाजवल्या.

पहिल्याच आठवड्यात अध्यक्षांनी फतवा काढला. स्कूटर धुवायची नाही. अंगणात सडा घालायचा नाही. झाडांना पाइपने पाणी घालायचं नाही. पाइप घरात असला की मोह होतो, म्हणून अकरा घरांतले रबरी पाइप गोळा करून जयवंतने आपल्या माळ्यावर ठेवले आणि प्रत्येकाला सही-शिक्क्याची पावती दिली. माझ्या पावतीवर 'पाइप, हिरवा, एक, मध्ये तडा' असं लिहिलं होतं. तुळशीला तांब्याभर पाणी घालताना सुहासिनी दिसली, तर तो भिंतीवरून म्हणाला, "वहिनी, अर्धा तांब्या पुरे. तुळस काटक असते."

स्वतःच्या घरातही त्याने शिस्त लावली, हे मान्य करायला हवं. न्हाणीचं पाणी फुकट जाऊ नये म्हणून मोरीचा पाइप लॉनकडे वळवला. साबणाने गवत जळतं, म्हणून घरात साबण बंद. अंगाला डाळीचं पीठ. त्याची बायको अनुपमा वहिनी ठाण्याला शाळेत शिकवायची. ती तोंडाने काही बोलायची नाही, पण रोज शाळेत जाताना पर्समध्ये साबणाची वडी घेऊन जायची, हे सुहासिनीला माहीत होतं. काकू मात्र गप्प बसणाऱ्या नव्हत्या.

"अनंता, रोज बेसन लावून लावून माजी भजी झाली. आता तेलात सोडूची तेवडी रवली," त्या म्हणाल्या.

एवढं करूनही लॉन पिवळं पडतच होतं. तीन माणसांच्या अंघोळीत किती पाणी निघणार? एप्रिलअखेर जयवंतच्या डोळ्यांखाली काळं आलं. तो ऑफिसातून आला की बूटही न काढता गवताशी उकिडवा बसायचा. एकदा मी गेलो, तर त्याने माझ्याकडे न बघता विचारलं, "अन्या, हे मेलं तर मी साहेबांना काय सांगू? साहेब दर सोमवारी विचारतात रे. हाऊ इज द लॉन, म्हणतात. खात्यात सव्वीस माणसं आहेत. माझ्याशीच बोलतात."

त्या वेळी मला त्याची दया आली. नंतर आली नाही.

कारण मे उजाडला आणि जयवंतचं लॉन अचानक हिरवं व्हायला लागलं. गल्लीतली तुळस वाळली, अबोली वाळली, टिपणिसांच्या जास्वंदीची पानं गळून पडली आणि एक नंबरच्या घरापुढे मात्र पोपटी गालिचा. लोक विचारायचे, "कोरगावकर, हे कसं काय?"

"व्यवस्थापन," जयवंत म्हणायचा.

शेवटी त्याने सोसायटीच्या सभासदांना 'कमी पाण्यात हिरवळ' या विषयावर अर्धा तास व्याख्यान दिलं. अंघोळीच्या पाण्याचं महत्त्व फळ्यावर खडूने आकृती काढून समजावलं. दोन घरांनी त्याच दिवशी साबण सोडला. पुढे तोच मजकूर इंग्रजीत करून त्याने कंपनीच्या अंतर्गत मासिकात छापून आणला, सोबत लॉनचा फोटो, आणि लॉनच्या कडेला, अर्थात भिंतीला पाठ लावून, जयवंत.

चंद्रप्रकाश साहेबांनी तो वाचला आणि सोमवारी म्हणाले, "कोरगावकर, वंडरफुल! महिन्याच्या लास्ट संडेला मी येतो तुझ्याकडे. टी ऑन द लॉन!"

त्या आठवड्यात जयवंत जमिनीवर चालत नव्हता. वेताच्या चार खुर्च्या आणल्या. कपबशा नव्या आणल्या. अनुपमा वहिनीला काकडीची सँडविचेस करायला सांगितली. काकू म्हणाल्या, "सायबाक घावणे घालतंय." जयवंतने हात जोडले, "आये, त्या दिवशी तरी नको."

रविवारच्या आधीच्या बुधवारी त्याने धाकूला मुद्दाम पवईहून बोलावून घेतलं, रजा टाकून यायला लावलं. मी त्या दिवशी तापाने घरीच होतो, खिडकीत पडून सगळं ऐकत होतो. धाकूने मातीत बोट खुपसलं. बोट बाहेर काढून बघितलं, मग पुन्हा खुपसलं.

"साहेब, चिखल आहे खाली. पाणी कुठून येतंय?"

"अंघोळीचं."

"अंघोळ हत्तीने केली होती का?" धाकू म्हणाला. जयवंत हसला नाही. धाकूने बोट पुसलं. "रोज एवढं पाणी घातलंत, मुळं वरच राहिली. आता हे नाजूक झालंय. आता तरी माझं ऐका. पाणी तोडा, कापू नका, खत घालू नका. आहे तसं ठेवा चार दिवस."

"रविवारी साहेब येतायत, धाकू. अर्धा इंच पाहिजे. गालिच्यासारखं."

"मग मला कशाला बोलावलंत? मी कापणार नाही. स्वतःच्या हातानं मारणं माझ्याच्यानं होत नाही." एवढं बोलून त्याने सायकल काढली. चहासुद्धा घेतला नाही.

गुरुवारी जयवंतने कारखान्यातून गवत कापायचं यंत्र आणलं आणि स्वतः लॉन कापलं. शुक्रवारी अर्धी रजा घेतली आणि आणखी गडद हिरवं व्हावं म्हणून टळटळीत दुपारी मुठीमुठीने युरिया फेकला.

शनिवारी सकाळी मी दात घासत बाहेर आलो. जयवंत लेंगा-बनियनवर लॉनच्या कडेला उभा होता. लॉनवर पट्टे उठले होते. जिथे जिथे त्याची मूठ फिरली होती तिथे तिथे गवत जळून पांढरट झालं होतं. मधूनमधून हिरवं. दुरून बघितलं तर कुणीतरी तिथे वाघाचं कातडं वाळत घातलंय असं वाटावं.

"वाट लागली, अन्या," तो एवढंच म्हणाला.

"धाकूला बोलव."

"पाणी," तो स्वतःशीच पुटपुटला. "पाण्याने खत खाली बसेल." आणि आत गेला.

त्या दिवशी संध्याकाळी दहा, अकरा आणि बारा नंबरच्या घरांत पाण्याचा थेंब आला नाही. अध्यक्ष स्वतः पाहणीला गेले. बारा नंबरच्या नलिनीताईंना त्यांनी सुनावलं, "तुमच्या घरातल्या टाकीचा बॉल कॉक गळतोय. एका घराच्या निष्काळजीपणामुळे तिघांना त्रास होतो." नलिनीताई बिचाऱ्या प्लंबर शोधत फिरल्या.

रविवार उजाडला. पट्टे गेले नव्हते. जयवंतने वेताच्या खुर्च्या आणि टेबल सगळ्यात मोठ्या पट्ट्यावर मांडलं, वर पांढरा टेबलक्लॉथ जमिनीपर्यंत लोंबता ठेवला. दुसऱ्या पट्ट्यावर शेवंतीच्या कुंड्या ठेवल्या. फाटकाची दोन्ही दारं सताड उघडली. मला आणि सुहासिनीला शेजारी म्हणून बोलावलं होतं. आम्ही व्हरांड्यात उभे होतो. गवतावर अजून कुणालाच परवानगी नव्हती. पहिलं पाऊल साहेबांचं पडायचं होतं.

चार वाजता पांढरी अँबॅसेडर गल्लीत शिरली. जयवंत हातात गुलाबांचा गुच्छ घेऊन पुढे धावला. गल्ली बंद, आणि गाडीला वळायला जागा नाही. ड्रायव्हरने काच खाली करून विचारलं, "साहेब, गाडी कुठे वळवू?"

जयवंतने तोंड उघडलं, तेवढ्यात मागच्या सीटवरून चंद्रप्रकाश साहेब म्हणाले, "अरे, ये गेट खुला है ना! घुमा लो, घुमा लो. कोरगावकर अपना ही आदमी है."

जयवंतच्या चेहऱ्यावर काय काय येऊन गेलं ते मी व्हरांड्यातून बघितलं. मग तो गुच्छ सावरून म्हणाला, "या ना साहेब. या, या."

गाडी उलटी फाटकातून आत आली. मागची चाकं लॉनवर चढली. चढली आणि शांतपणे, लोण्यात सुरी जावी तशी, खाली गेली. आदल्या दिवशीचं सगळं पाणी त्या मातीत मुरलेलं होतं. ड्रायव्हरने ॲक्सिलरेटर दाबला. चाकं जागच्या जागी फिरली. हरळी आणि तांबडा चिखल असा एक पंखा उठला आणि टेबलक्लॉथवर, काकडीच्या सँडविचेसवर, जयवंतच्या सफारीवर बसला.

"बस कर! बस कर!" जयवंत ओरडला. पण ड्रायव्हरला साहेबांसमोर नामुष्की नको होती. त्याने आणखी जोरात दाबलं. खालून फट्‌ असा आवाज झाला आणि चाकामागून पाण्याचं कारंजं उडालं. चांगलं पुरुषभर उंच.

क्षणभर कुणाला काही कळेना. मग पलीकडच्या ओळीतून कुणीतरी ओरडलं, "पाणी! अहो, पाणी आलंय!"

पुढचं मी कसं सांगू? दीड महिना बादल्या मोजून जगलेली ती माणसं होती. कुणी बादली आणली, कुणी हंडा, कुणी कुकर. नलिनीताई बाळाचा टब घेऊन धावत आल्या. भिंतीला पाठ लावायचं कुणाला सुचलं नाही. बारा घरांची माणसं गाडीभोवती, खुर्च्यांवर चढून, कुंड्या बाजूला सारून पाणी भरत होती. मी पाहुणा म्हणून व्हरांड्यात उभा होतो. सुहासिनीने मला कोपराने ढोसलं आणि म्हणाली, "बघत काय बसलायस? आपलं पिंप आण." मी पिंप आणायला धावलो.

परत आलो तेव्हा श्यामकांत टिपणीस चिखलात वाकले होते. त्यांनी चाकाखालून काळ्या पाइपचं फाटकं टोक उचलून धरलं.

"कोरगावकर," ते कोर्टातल्या आवाजात म्हणाले, "महापालिकेचं पाणी सकाळी येतं. टाकीचा व्हॉल्व्ह बंद आहे, चावी तुमच्या खिशात आहे. मग चार वाजता हे पाणी कुठून येतंय?"

जयवंतच्या सफारीवरून चिखल ओघळत होता, हातात गुलाब होते. उत्तर दिलं ते काकूंनी, दारातून, आणि काहीही वाईट मनात न आणता.

"टाकीतसून. व्हॉल्वाच्या आधीच जोडल्यान. तुमी सगळे दुपारचे निजलेलास ना, तेवा खणल्यान. माका म्हणालो, आये, कोणी इचारल्यान तर सांग मसालो कांडतंव."

आता सुहासिनीला आठवलं. मेच्या पहिल्या आठवड्यात दोन दुपारी खटखट ऐकू आली होती, आणि मे महिन्यात शेजारी मालवणी घर असताना खटखट ऐकू आली तर माणूस दुसरं काय समजणार? ती तर वाटीभर मसाला येईल म्हणून वाट बघत होती.

कुणीतरी हसलं. बघतो तर अनुपमा वहिनी. सँडविचची बशी हातात धरून, पदर भिजलेला, ती हसत होती. हसता हसता खाली पायरीवर बसली. इतक्या महिन्यांत तिला हसताना मी बघितलं नव्हतं. मग मात्र सगळीच हसली. टिपणीस सोडून. आणि जयवंत सोडून.

चंद्रप्रकाश साहेब गाडीतून उतरले ते सरळ चिखलात घोटाभर. आठ जणांनी ढकलून गाडी बाहेर काढली. साहेबांनी पाय धुतले आमच्या घरी, चहाही आमच्याकडेच घेतला, आणि काकूंनी मागच्या दाराने आणून दिलेले घावणे पाच खाल्ले. जाताना ते जयवंतच्या खांद्यावर हात ठेवून काहीतरी हळूच बोलले. जयवंतने मान डोलावली.

टाकी तोवर रिकामी झाली होती. संध्याकाळची पाण्याची वेळ कोरडीच गेली, पण कुणाची तक्रार नव्हती, सगळ्यांची भांडी भरलेली होती. सोमवारी तातडीची सभा झाली. टिपणिसांनी पाच पानी ठराव वाचला. जयवंतने राजीनामा दिला. अकरा रबरी पाइप पावत्या बघून परत केले. माझा हिरवा, तडा गेलेला, नलिनीताईंकडे गेला आणि त्यांचा चांगला माझ्याकडे आला. मी पावती हरवली म्हणून सांगितलं.

मग प्रश्न आला त्या चोरट्या लाइनचा. टिपणीस म्हणाले, ताबडतोब उखडा. तेव्हा नलिनीताई उठल्या.

"कशाला उखडायची? टाकीला धरून आहे, तिला धार चांगली आहे. आमच्या टोकाला तर नेहमीच पाणी कमी येतं. तिथेच एक नळ बसवा. ज्याला कमी पडेल त्याने दोन बादल्या भरून न्याव्यात."

ठराव एकमताने मंजूर झाला. अशा रीतीने कोरगावकरांच्या लॉनच्या मधोमध लोखंडी नळ उभा राहिला आणि सकाळी सहाला त्यांच्या दारात रांग लागू लागली. पहिले दोन दिवस जयवंत घराबाहेर आला नाही. तिसऱ्या दिवशी मी पिंप घेऊन रांगेत होतो, तेव्हा तो येऊन माझ्याजवळ उभा राहिला.

"लालबागला चार मजल्यांना एक नळ होता," तो म्हणाला. "पहाटे चारला बाबा मला उठवून रांगेत उभं करायचे. मी ठरवलं होतं, मोठा झालो की माझ्या दारात असं काही असणार नाही ज्यासाठी कुणी रांग लावेल. नुसतं बघण्यासारखं काहीतरी असेल."

"मग सांगायचं होतंस की आम्हाला."

"काय सांगणार? अध्यक्ष होतो मी," तो म्हणाला, आणि त्याच वेळी मागून कुणीतरी ओरडलं, "कोरगावकर, रांगेत घुसू नका हं!"

साहेब त्या दिवशी हळूच काय बोलले, ते त्याने मला जूनच्या सुरुवातीला सांगितलं. वर्सोव्याच्या बंगल्याचं लॉनही कपातीत पिवळं पडलं होतं. साहेबांना जयवंतची हुशारी फार आवडली. बंगल्याच्या मागच्या कुंपणापलीकडे कोळीवाड्याचा सार्वजनिक नळ होता. तिथून अशीच एक बारीक लाइन टाकता येईल का, एवढंच त्यांनी विचारलं होतं. प्रमोशनची यादीही त्याच महिन्यात निघणार होती.

"आणि तू गेलास?" मी विचारलं.

"मोजमाप घ्यायला गेलो. नुसतं मोजमाप," जयवंत म्हणाला. "दुपारी अडीचला. म्हटलं, सगळे झोपलेले असतील."

"मग?"

"कोळणी दुपारी झोपत नाहीत रे. वाळत घातलेली मासळी राखत बसतात. मी टेप उलगडला तर दहा-बारा जणी उभ्या राहिल्या. एक म्हातारी म्हणाली, 'काय रं, काय मोजतंस आमच्या नळाशी?' मी म्हणालो, मावशी, बोंबील घ्यायला आलोय."

"टेप घेऊन?"

"तिनेही तेच विचारलं. मग सगळ्या जणी मिळून मला घेऊनच बसल्या. टोपल्या दाखवल्या. जवळा घे, बांगडा घे. माझी पिशवी भरली, दुसरी पिशवी त्यांनीच दिली. साहेब वरच्या गॅलरीतून बघत होते. खाली आले नाहीत."

साहेबांना त्याने दुसऱ्या दिवशी सांगितलं, की उन्हाळ्यात लॉन झोपतं, त्याला उठवायचं नसतं. धाकूचंच वाक्य, पण धाकूचं नाव सांगायचं राहून गेलं. साहेबांना ते भलतंच शास्त्रीय वाटलं. आता ते चहाला आलेल्या पाहुण्यांना आपलं पिवळं गवत अभिमानाने दाखवतात, असं ऐकतो. प्रमोशन दुसऱ्याच कुणाला मिळालं.

हे सगळं तो मला सांगत होता तेव्हा आत काकू बोंबील भाजत होत्या. वास थेट आमच्या घरापर्यंत आला होता आणि सुहासिनी ताट घेऊन केव्हाच तिकडे गेली होती.

"चल जेवायला," जयवंत म्हणाला. "दोन पिशव्या आहेत. दिवाळीपर्यंत संपायच्या नाहीत."